बायोडेटातली गॅप

परवा आमच्या कॉलेजमध्ये मॉक इंटरव्ह्यू होते. माझ्या आधीच्या मुलाचा बायोडेटा हातात धरून समोरच्या सरांनी विचारलं, ‘‘हे मधलं एक वर्ष रिकामं दिसतंय. काय केलंत?’’

‘‘शॉर्टफिल्म करत होतो, सर.’’

‘‘ते ठीक आहे हो. पण केलंत काय?’’

अख्खा वर्ग हसला. मीही हसले. जागेवर येऊन बसल्यावर मात्र कानकोंडं व्हायला झालं, कारण त्या शॉर्टफिल्मच्या टीममध्ये मीही होते. आणि खरं सांगायचं तर ती फिल्म अजून पूर्ण झालेली नाही. ती एका हार्ड डिस्कमध्ये आहे आणि हार्ड डिस्क माझ्या कपाटात, स्वेटरच्या खाली.

‘गॅप’ हा शब्द आपल्या वयात किती धडकी भरवतो हे तुम्हाला वेगळं सांगायला नको. ड्रॉप घेतला, गॅप पडली, वर्ष वाया गेलं. घरी पाहुणे आले की हे शब्द असे दबक्या आवाजात उच्चारले जातात, जणू घरात कुणाला काहीतरी झालंय.

त्या संध्याकाळी मी एक उद्योग केला. माझ्या आवडत्या एका दिग्दर्शिकेचा बायोडेटा वहीच्या पानावर लिहून काढला, अगदी प्लेसमेंट सेलला लागतो तसा. वाचा. समाजशास्त्रात एमए, पुणे विद्यापीठ. नेट उत्तीर्ण. २००३ : अभिनयासाठी मुंबईत. २००९ : ‘प्रथा’ ही पहिली शॉर्टफिल्म. २०१६ : ‘अंतर्दृष्टी’, पहिला मोठा सिनेमा. २०१७ : ‘व्हिलेज रॉकस्टार्स’. बास, एवढंच.

आता त्या सरांच्या नजरेने हे पान बघा. २००३ ते २००९ मध्ये सहा वर्षं. २००९ ते २०१६ मध्ये सात वर्षं. म्हणजे एक वर्ष नाही, तब्बल तेरा वर्षं अशी, की ‘पण केलंत काय?’ असा प्रश्न आरामात विचारता यावा.

तिचं नाव रिमा दास. वयाने, कामाने आपल्यापेक्षा कितीतरी मोठी. पण सिनेमावाल्यांना आपण हक्काने एकेरीत बोलावतो, तसंच इथेही करते. ती आसामची. गुवाहाटीहून तासाभरावर कामरूप जिल्ह्यात छयगाव आहे, त्या भागातलं तिचं गाव. ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ला २०१८ मध्ये सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आसामी सिनेमाला हा मान त्याआधी मिळाला होता तो जानू बरुआ यांच्या ‘हालोधिया चोराये बाओधान खाय’ला, म्हणजे जवळपास तीस वर्षांपूर्वी. त्याच वर्षी भारतातर्फे ऑस्करसाठी जो एक सिनेमा पाठवतात, तो म्हणूनही हाच निवडला गेला. आसामी सिनेमाला ही संधी पहिल्यांदाच मिळत होती.

बातम्यांमध्ये तेव्हा एकच गोष्ट पुन्हा पुन्हा आली : लेखन, दिग्दर्शन, निर्मिती, कॅमेरा, एडिटिंग सगळं एकटीने! ‘वन वुमन क्रू’! वाचायला भारी वाटतं. मलाही वाटलं होतं. पण ती एकटीने का करत होती, हे कळलं तेव्हा त्या कौतुकाची चव जरा बदलली.

थोडं मागे जाऊ. गणेशखिंडीतल्या विद्यापीठाच्या आवारात आज जे एमए-सेट-नेटच्या पुस्तकांत डोकं घालून बसलेत, त्यांना नेट पास होणं म्हणजे काय असतं हे माहितीये. असिस्टंट प्रोफेसर होण्याचा रस्ता मोकळा. ती परीक्षा पास झालेली मुलगी मुंबईत आली ती नट्यांच्या रांगेत उभी राहायला. अडचण कोणती? भाषा. हिंदी बोलायची तर उच्चारात आसाम. आपल्यापैकी जे लातूर-नांदेडहून, चंद्रपूरहून पुण्या-मुंबईत आलेत, त्यांना ऑडिशनच्या आधीच उच्चारांवरून लागणारी ही चाळणी नव्याने सांगायला नको. रिमाने नाटकात कामं केली, पृथ्वी थिएटरला उभी राहिली, प्रेमचंदांच्या ‘गोदान’च्या नाट्यरूपातही होती. सिनेमात मात्र दार उघडेना.

मग त्या काळात तिने काय केलं? सिनेमे बघितले. फेस्टिव्हलमध्ये, जमेल तिथे. सत्यजित राय, इंगमार बर्गमन, माजिद मजिदी या दिग्दर्शकांचं काम आपल्याला दिशा देणारं ठरलं, असं ती सांगत आली आहे. यातला मजिदी लक्षात ठेवा. इराणमधल्या गरीब घरातल्या लहान मुलांच्या साध्यासुध्या गोष्टी सांगणारा हा माणूस. त्याचे सिनेमे बघताना एखाद्या छयगावच्या मुलीला वाटू शकतं की अरे, अशी मुलं तर आपल्या गावात आहेत. हा माझा अंदाज. पण पुढे जे घडलं ते त्याच रस्त्याने.

कोणत्याही फिल्म स्कूलमध्ये न जाता ती शिकली. शॉर्टफिल्म केली, मग ‘अंतर्दृष्टी’ हा सिनेमा हातात घेतला. एका उतारवयातल्या माणसाच्या हाती दुर्बीण येते, आणि त्यातून तो जग बघायला लागतो, असा काहीसा तो सिनेमा. त्याचं शूटिंग गावाकडे चालू असताना तिला काही पोरं दिसली. एका कार्यक्रमात ती थर्माकोलची गिटार, थर्माकोलची वाद्यं घेऊन रॉक बँडचा अभिनय करत होती. खरं वाद्य एकही नाही, पण तोरा पूर्ण.

आपल्यापैकी कुणी असतं तर मोबाइल काढून रील केलं असतं. तीस सेकंद, वर एक गाणं, संपलं. तिने त्या पोरांबरोबर पुढची साधारण चार वर्षं काढली.

पूर कॉलशीटवर येत नाही

‘व्हिलेज रॉकस्टार्स’ची गोष्ट एका ओळीत सांगता येते. धुनू नावाची दहा वर्षांची मुलगी, तिला खरीखुरी गिटार हवी आहे. वडील नाहीत, आई राबते, गावाला पूर येतो. मिळते का गिटार? ते मी सांगणार नाही. सिनेमा ८७ मिनिटांचा आहे, बघून टाका.

पण गोष्ट एवढीच असेल तर चार वर्षं कशाला लागली? सिनेमा बघताना हळूहळू कळतं. त्यात झाडावर चढलेली मुलं खरोखरच दुपारभर झाडावर बसलेली आहेत. पावसात भिजणारी मुलं कुणी पाइपने पाणी मारून भिजवलेली नाहीत. आणि पूर खरा आहे. ब्रह्मपुत्रेच्या काठच्या त्या भागात पाणी दरवर्षी येतं, शेत घेऊन जातं. सेट लावून पूर उभा करायचा तर मोठ्या स्टुडिओचं बजेट लागेल. नसेल बजेट, तर दुसरा मार्ग एकच : थांबायचं. पूर कॉलशीटवर येत नाही. तो येईल तेव्हा तुम्ही कॅमेऱ्यासकट तिथे असायला हवं, आणि सोबत ती मुलंही.

तिचा कॅमेरा होता कॅनन ५डी. तुमच्या कॉलेजच्या फोटोग्राफी क्लबमध्ये एखाद्या सीनिअरच्या गळ्यात लटकत असतो, तसा. मुळात फोटो काढायचा. लाइट्स नाहीत, सूर्य हाच लाइट. कलाकार म्हणजे गावातलीच मुलं, कुणीच प्रोफेशनल नाही. या मुलांना संवाद पाठ करून घेऊन शॉट लावले असते तर ती शाळेच्या गॅदरिंगसारखी बोलली असती. कॅमेरा हा रोज येणारा पाहुणा झाला, मग घरातलाच एक झाला, आणि मुलांना त्याचं काही वाटेनासं झालं. हे व्हायला दिवस लागतात. दिवसाच्या भाड्यावर पोट भरणारे वीस माणसांचं युनिट असेल तर पाचव्या दिवशी निर्माता घाम पुसायला लागेल. युनिटच नसेल तर?

इथे मला तो ‘वन वुमन क्रू’चा अर्थ लागला. एकटीने सगळं करणं हा काही पराक्रम दाखवायचा प्रकार नव्हता. पैसा नव्हता, म्हणून तिने वेळ वापरला. आणि वेळ परवडावा म्हणून सगळी कामं स्वतः शिकली. कॅमेरामनला पगार द्यायचा नाही, म्हणून ऋतू बदलेपर्यंत थांबता येतं. एडिटरला रोजचे पैसे द्यायचे नाहीत, म्हणून एक सीन पुन्हा पुन्हा कापून बघता येतो. आपण ‘इंडिपेंडंट’ म्हणतो तेव्हा डोळ्यासमोर येतं ते बंडखोर वगैरे काहीतरी. तिच्या बाबतीत स्वातंत्र्य म्हणजे इतकं साधं होतं : ‘आज झालं नाही तर उद्या बघू’ असं म्हणता येणं.

त्या सिनेमातला माझा आवडता भाग सांगते. धुनू वयात येते. गावातल्या बायका तिला नियम सांगायला लागतात. आता मुलांबरोबर हुंदडायचं नाही, झाडावर चढायचं नाही. आणि तिची आई, जिच्याकडे पैसा नाही, नवरा नाही, गावात काही वजन नाही, ती मुलीच्या बाजूने उभी राहते. भाषण न देता. हीच आई मुलीला पाण्यात पोहायला शिकवते. पुराच्या गावात पोहायला शिकवणं म्हणजे काय, ते समजायला सबटायटल लागत नाहीत.

साउंडचं बक्षीस कुणाला?

आता त्या ‘एकटीने’ या शब्दाचं बघू, कारण त्यात एक नाव गाळलं जातं.

राष्ट्रीय पुरस्कारांत ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ला चार बक्षिसं मिळाली. सर्वोत्कृष्ट चित्रपट, एडिटिंगसाठी रिमा, बालकलाकार म्हणून धुनू झालेली भनिता दास, आणि लोकेशन साउंडसाठी मल्लिका दास. मल्लिका ही रिमाची बहीण, चुलत-मावस नात्यातली. साउंडचं शिक्षण घेतलेली नाही. काम करता करता शिकली, माइक घेऊन पोरांच्या मागे पाण्यातून, शेतातून फिरली. आणि देशभरातले कसलेले साउंड रेकॉर्डिस्ट असताना ते बक्षीस तिने नेलं.

हे वाचून मी गप्प बसले. कारण आमची फिल्म अडकली ती नेमकी साउंडवर.

आमची गोष्ट अशी. कॉलेजच्या मागच्या गल्लीत एक झेरॉक्सचं दुकान आहे. तिथल्या काकांचा एक दिवस, अशी आमची फिल्म. पाच जण होतो. प्रत्येकी वर्गणी काढली. त्या पैशांत काय आणलं? भारीतली लेन्स दोन दिवसांच्या भाड्याने, आणि गिंबल. गिंबलवर आमची दोन तास भांडणं झाली. साउंडसाठी कुणी काही आणलंच नाही; म्हटलं, कॅमेऱ्याचा माइक आहे की. दोन दिवस शूट केलं, चित्र खरंच सुंदर आलं. घरी येऊन हेडफोन लावला तर प्रत्येक वाक्याच्या मागे झेरॉक्स मशीन. घर्र, खट, घर्र, खट. काका त्यांच्या मुलाबद्दल बोलताना आवाज खाली आणतात, फिल्ममधला सगळ्यात चांगला क्षण, आणि तिथे नेमकी कुणाची तरी शंभर पानांची जर्नल चालू आहे. लेन्स परत गेली होती. पैसे संपले होते. मग परीक्षा आल्या, दोघांच्या इंटर्नशिप लागल्या, आणि ग्रुपवर ‘भेटूया रे’ एवढंच उरलं.

आमच्याकडे तिच्यापेक्षा चांगली लेन्स होती, मंडळी. हे मला फार लागलं.

आणि एक गोष्ट जाता जाता. सगळं एकटीने करायचं हा काही नियम नव्हे. आपल्याच भाषेतलं उदाहरण बघा. चैतन्य ताम्हाणेचा ‘कोर्ट’ २०१४ मध्ये व्हेनिसला गेला, तिथे बक्षिसं मिळवली, पुढच्या वर्षी सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही घेऊन आला. त्याच्या मागे विवेक गोंबर होता. चैतन्यच्या नाटकात काम केलेला नट. त्याने चैतन्यला लिहायला निवांतपणा मिळावा म्हणून पैसे लावले, निर्माता झाला आणि सिनेमात वकिलाची भूमिकाही केली. म्हणजे तिथेही विकत घेतला गेला तो वेळच, फक्त खिसा मित्राचा. पायल कपाडियाच्या ‘ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट’ला २०२४ मध्ये कानमध्ये ग्राँ प्री मिळालं, त्या सिनेमाच्या मागे भारताबरोबर युरोपातल्या देशांचे निर्माते होते. रस्ते निरनिराळे आहेत. पण रिमाचा रस्ता मला जास्त जवळचा वाटतो, कारण मित्राचा खिसा आणि युरोपातला निर्माता या दोन्ही गोष्टी सध्या तरी माझ्या संपर्कात नाहीत.

हिशोब

‘‘हे सगळं छान आहे गं, पण खायचं काय?’’ हा प्रश्न माझ्या आईचा. तुमच्याही घरचा असणार. मी तिला उत्तर द्यायला हिशोब मांडून बघितला.

त्या वर्षी सर्वोत्कृष्ट चित्रपटाच्या राष्ट्रीय पुरस्काराची रक्कम होती दिग्दर्शकाला अडीच लाख, निर्मात्याला अडीच लाख. रिमा दोन्ही होती. एडिटिंगचे पन्नास हजार. एकूण साडेपाच लाख रुपये. देशातलं सगळ्यात मोठं बक्षीस, आणि ते चार वर्षांच्या कामावर वाटून टाका. महिन्याला साडेअकरा हजारांच्याही आत येतं. त्यातून कॅमेऱ्याचा, प्रवासाचा, मुलांच्या खाऊचा खर्च अजून वजाच केलेला नाही.

हिशोब अर्धवट आहे, मान्य. सिनेमा पुढे विकला जातो, देशोदेशी दाखवला जातो, नाव झालं की पुढच्या कामाला पैसे मिळणं सोपं होतं. पण आईला दाखवायला हा आकडा चालेना, म्हणून मी वही मिटली.

बरं, सिनेमा तयार झाला म्हणजे खर्च संपला असंही नाही. थिएटरला लावायचा तर सेन्सॉर बोर्डाचं सर्टिफिकेट हवं, थिएटरच्या प्रोजेक्टरला चालेल अशी डिजिटल प्रत हवी, पोस्टर, जाहिरात. आणि ऑस्कर? आपल्याला वाटतं, निवड झाली की पाठवायचं, पुढचं तिकडचे लोक बघतील. प्रत्यक्षात तिथे मत देणाऱ्या लोकांनी तुमचा सिनेमा बघावा म्हणून अमेरिकेत शो लावावे लागतात, प्रसिद्धीचं काम बघणारी माणसं नेमावी लागतात. मोठे स्टुडिओ त्यावर पाण्यासारखा पैसा ओततात. रिमाकडे तो कुठून असणार? आसाम सरकारने त्यासाठी एक कोटी रुपये देऊ केले. विचार करा, जो सिनेमा फोटोच्या कॅमेऱ्यावर, माणसांना पगार न देता उभा राहिला, तो नुसता लोकांच्या नजरेस पडावा म्हणून एक कोटी! त्या वर्षीच्या शेवटच्या नऊ सिनेमांत तो आला नाही. त्या यादीत आल्फोन्सो कुआरोनचा ‘रोमा’ होता, नेटफ्लिक्सच्या ताकदीवर उतरलेला.

मला यात अन्याय वगैरे शोधायचा नाही. ‘रोमा’ उत्तमच आहे. फक्त एक लक्षात आलं, की सिनेमा बनवताना पैशाच्या जागी वेळ देता येतो. तो विकताना मात्र देता येत नाही. तिथे पैशाला पैसाच लागतो. आमच्या कोर्समध्ये कॅमेऱ्याची अ‍ॅपर्चर-शटर स्पीडची सगळी गणितं शिकवली, या गणितावर एक तास झाला असता तर बरं झालं असतं.

त्यातल्या त्यात आपल्याला जवळचं म्हणजे गोवा. दर नोव्हेंबरला इफ्फीच्या आगेमागे तिथे एनएफडीसीचा फिल्म बाजार भरतो, २००७ पासून. अर्धवट झालेले सिनेमे, नुसत्या पटकथा घेऊन लोक तिथे येतात आणि निर्माते, फेस्टिव्हलवाले त्यांना भेटतात. आपली पोरं गोव्याला जायचे बेत वर्षभर करतच असतात. एखादा नोव्हेंबरात करायला हरकत नाही.

पुढे काय केलं?

मला सगळ्यात जास्त उत्सुकता होती ती याची. एवढं नाव झाल्यावर माणूस काय करतो? मुंबईत मोठा ऑफिस-बिफिस?

‘व्हिलेज रॉकस्टार्स’चा पहिला शो टोरंटो फेस्टिव्हलला झाला २०१७ मध्ये. आणि २०१८ मध्ये, म्हणजे राष्ट्रीय पुरस्कार, ऑस्करची धावपळ सगळं अंगावर असताना, ती टोरंटोला नवा सिनेमा घेऊन हजर होती : ‘बुलबुल कॅन सिंग’. पुन्हा तोच परिसर, पुन्हा नवखे चेहरे, पुन्हा कॅमेरा आणि एडिटिंग तिचंच. यावेळी मुलं जरा मोठी, आपल्या अकरावी-बारावीच्या वयाची. बुलबुल, तिची मैत्रीण बॉनी आणि मित्र सुमू, ज्याला वर्गातली मुलं बायकी म्हणून छळतात. मुलामुलींना एकत्र बघून गावातले ‘संस्कृतिरक्षक’ त्यांना गाठतात, मारतात, आणि शाळा मुलांच्या बाजूने उभी राहण्याऐवजी त्यांनाच बाहेर काढते. पुढचं सांगत नाही. ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ बघून मी हसत उठले होते, हा बघून रात्री उशिरापर्यंत जागी होते. माझ्या मते हा तिचा जास्त धीट सिनेमा, पण त्याच्याबद्दल बोललं कमी जातं. कदाचित थर्माकोलच्या गिटारीवर प्रेम करणं सोपं आहे. ‘बुलबुल’ला बर्लिनमध्ये लहानांच्या-तरुणांच्या विभागात परीक्षकांची खास दाद मिळाली, शिवाय सर्वोत्कृष्ट आसामी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार.

मग कोविड आला. सगळी इंडस्ट्री बंद. रिमाने त्याच काळात गावातल्या एका छोट्या व्यावसायिकाची गोष्ट शूट केली, ‘तोराज् हजबंड’. मुख्य भूमिकेत तिचा सख्खा भाऊ अभिजित दास. हा सिनेमा २०२२ मध्ये टोरंटोच्या स्पर्धा विभागात होता. नंतर ‘माय मेलबर्न’ या चार गोष्टींच्या सिनेमात इम्तियाज अली, कबीर खान, ओनीर यांच्या बरोबरीने एक गोष्ट तिने केली. म्हणजे बॉलीवूडची मोठी नावं शेजारी आली. ती मात्र पुन्हा छयगावला गेली.

२०२४ मध्ये ‘व्हिलेज रॉकस्टार्स २’ आला. ‘२’ म्हटलं की आपल्याला वाटतं, मोठं बजेट, नवा व्हिलन. इथे दोनमध्ये नवीन काय, तर धुनू मोठी झाली आहे. म्हणजे भनिता मोठी झाली आहे. पहिल्या भागात झाडावर चढणारी ती मुलगी आता आपल्या वयाकडे झुकलेली, तिच्या चेहऱ्यावरून खरी वर्षं गेलेली. मेकअपने असं वय आणता येत नाही. पुरासारखंच, त्याचीही वाट बघावी लागते. बुसान फेस्टिव्हलला या सिनेमाने किम जिसोक पुरस्कार मिळवला.

आता मी वहीतला तो बायोडेटा पुन्हा काढून बघते तेव्हा २०१६ नंतरच्या ओळी भराभर येतात. २०१६, १७, १८, २२, २४. आणि वरची ती मोकळी जागा तशीच आहे. मोकळ्या वर्षांत ती कधीतरी रडली असेल, घरून फोन आले असतील, बरोबरीच्या मैत्रिणी कुठे कुठे प्राध्यापक झाल्या असतील. ते कुठल्याच बायोडेटात येत नाही. आणि हेही सांगायला हवं, की असं मोकळं राहून शेवटी काहीही हाती न लागलेली माणसंही असतातच. त्यांच्यावर लेख लिहिले जात नाहीत, म्हणून ती आपल्याला दिसत नाहीत. त्यामुळे ‘नोकरी सोडा, कॅमेरा उचला’ असलं काही मी तुम्हाला सांगणार नाही. मी स्वतः जूनपासून नोकरी शोधते आहे.

पण हार्ड डिस्क काढली. मागच्या आठवड्यात ग्रुपवर मेसेज टाकला, ‘साउंड परत करूया का? फक्त साउंड.’ दोन दिवस कुणीच काही बोललं नाही. मग मॉक इंटरव्ह्यूवाल्याचा रिप्लाय आला, ‘करूया. पण गिंबलचं नाव काढलंस तर मी येणार नाही.’ एकीच्या भावाकडे रेकॉर्डर आहे, तो तो देतोय. माइकला वारा लागू नये म्हणून वर काय घालायचं ते मी इंटरनेटवर बघते आहे.

काल झेरॉक्सच्या दुकानात जाऊन आले. काकांना सांगितलं, तुम्ही तेव्हा मुलाबद्दल जे बोललात तेवढंच परत बोलायचंय, मशीन बंद ठेवून. ते म्हणाले, ‘‘रविवारी या. पण नऊच्या आत उरका बरं का. जर्नल सबमिशनचा सीझन आहे.’’